नावाड्याचा आवाज

"मान सरळ धर गं आई, न्हायतर अंबाडा तिरका बसंल," ट्राउडे म्हणाली आणि आईच्या केसांतून कंगवा जरा जोरातच ओढला.

"बसू दे तिरका. मानसं पडदा बघाया येत्यात, माझा अंबाडा न्हाय."

"पडद्यावर तुझा ल्योक हाय. मग तुलाबी बघणारच की सगळी."

मिनाबाई खूश झाली. खुर्चीत बसल्या बसल्या तिनं गालांवरून हात फिरवून घेतले, गाल जागेवर आहेत ना बघावं तसे.

आर्नो दारातच उभा होता. सकाळच्या बसनं बर्लिनहून आला होता, आणि आल्यापासून त्याला एक गोष्ट सांगायची होती. तीनदा तोंड उघडलं. तिन्ही वेळा आईनं त्यात केकचा तुकडा कोंबला. आता केक संपला होता आणि गोष्ट तशीच आत होती.

"आर्नो, हायेस का रं?" आईनं विचारलं. डोळे त्याच्याच दिशेला होते, पण बोटभर चुकलेले. जन्मभर तिनं मिणमिणत्या दिव्याखाली लेस विणली होती. आधी बारीक टाके दिसेनासे झाले, मग दिवा, मग खिडकी. लेस मात्र अजून विणायची. बोटांना डोळे लागत नव्हते.

"हाय की."

"खानावळीच्या झायडलला सांगून ठेवलंय मी. पैल्या रांगेत, मधोमध बसणार. आजवर ही ट्राउडे कानात सांगायची, 'आता आर्नो आला, आता टोपी काढली, आता मेला.' तुझी समदी कामं मला तिच्या तोंडून कळली. आज तुझ्या तोंडून ऐकणार."

आर्नो स्वयंपाकघरात गेला. ट्राउडे त्याच्या मागोमाग आली, चुलीवर कॉफीचं भांडं ठेवलं आणि कमरेवर हात ठेवून उभी राहिली. भावापेक्षा आठ वर्षांनी लहान, पण ती कमरेवर हात ठेवून उभी राहिली की गावातला पोलीसही रस्ता बदलायचा.

"काय झालंय?"

"काय न्हाय."

"तुझं त्वांड बघ. उकडलेल्या बटाट्यावानी झालंय. बोल."

आर्नोनं दार लोटलं. "पिच्चरमधला आवाज माझा न्हाय."

"म्हंजी?"

"माणूस मी हाय. आवाज दुसऱ्याचा हाय. काढून टाकला माझा. वरनं दुसरा बसवला."

ट्राउडेनं एक शब्द वापरला, तो इथं लिहिण्यासारखा नाही. मग भांडं चुलीवरून असं आदळलं की कॉफी सांडली. "आन हे आत्ता सांगतोस? गावभर बोलून आलीया ती! बेकरीत, चर्चात, डाक्टरकडं! 'माझा आर्नो बोलणार हाय.' आन तू चार तास केक खात बसलास?"

"सांगणारच होतो."

"जा मग. सांग जा."

बाहेर आई गुणगुणत होती. आर्नो दाराच्या कडीला हात लावून उभा राहिला. कडी काही त्यानं उघडली नाही.

*

चेहऱ्याच्या बाबतीत देवानं आर्नो ग्लेझरला हात मोकळा सोडून दिलं होतं. गालांची हाडं वर आलेली, डोळे खोल. नुसता उभा राहिला तरी वाटायचं, या माणसाचं काहीतरी हरवलंय. लढाई संपल्यावर लाकडी खेळण्यांच्या कारखान्यातून पळून तो बर्लिनजवळच्या स्टुडिओत गेला, तेव्हा पहिल्याच दिवशी त्याला कामावर घेतलं. दुसऱ्या दिवशी त्यानं तोंड उघडलं.

सॅक्सनीच्या डोंगरातली बोली म्हणजे चुलीशेजारी विसरलेलं लोणी. कडक शब्द म्हणून शिल्लक राहत नाही, सगळं विरघळून पसरतं. देशभर त्या बोलीला हसतात. नाटकात सॅक्सन बोलणारा आला की तो एकतर हॉटेलातला वेटर, नाहीतर मूर्ख. त्यातून सरकारात सगळ्यात वर बसलेला माणूसही नेमका असाच बोलायचा. त्यामुळे आता त्या बोलीला हसणं धोक्याचं झालं होतं, आणि धोक्याचं झाल्यामुळे हसू आणखीच यायचं. पडद्यावर एखादा गंभीर माणूस असा बोलला, तर अंधारात कोण कशाला खिदळतंय हे कसं कळणार?

"ग्लेझर, चेहरा सोन्यासारखा आहे तुमचा," एक दिग्दर्शक म्हणाला होता. "तेवढं तोंड बंद ठेवा."

त्यानं ठेवलं. सतरा-अठरा वर्षं ठेवलं. पहिल्या गोळीला मरणारा शिपाई झाला. तिकीट तपासून मान डोलावणारा कंडक्टर झाला. नायिकेच्या नवऱ्याचा ड्रायव्हर झाला, न्यायाधीशामागचा पट्टेवाला झाला. मधल्या काळात बोलणं सुधारायला एका बाईकडे जायचा. ती त्याच्या दातांत बाटलीचं बूच द्यायची आणि तसंच मोठ्यानं वाचायला लावायची. बूच तोंडात असलं की आर्नो बर्लिनच्या प्रोफेसरासारखा बोलायचा. बूच काढलं की लोणी.

आणि मग वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी ब्रांडाऊ नावाच्या दिग्दर्शकानं त्याला नावाड्याचं काम दिलं. मोठं काम. लढाईचे शेवटचे दिवस, एल्बे नदी, अलीकडे आग, पलीकडे आग, आणि मधे हा एक माणूस होडीतून लोकांना नेतोय. पिच्चरभर तोच.

"माझी बोली..." आर्नो चाचरला होता.

"तसंच बोला. मला माणूस हवाय, रेडिओ नकोय."

आर्नो बोलला. आईशी बोलावं तसा नदीशी बोलला, वल्ह्याशी बोलला, घोड्यांशी बोलला. कंबरभर पाण्यात उभा राहून बोलला. शूटिंग संपलं तेव्हा त्याला वाटलं, आपण आजवर नुसतेच श्वास घेत होतो.

मग वरच्या मंडळींनी पिच्चर पाहिला. टाय लावलेली पाच माणसं. पिच्चर आवडला. फक्त म्हणाली, उत्तरेकडचा नावाडी सॅक्सन कसा बोलेल? आणि लोक हसले तर? हसले तर कुणाला हसतील?

ब्रांडाऊ भांडला, असं म्हणतात. आर्नोला एक दिवस दिला, आवाज-खोलीत बसून स्वतःच पुन्हा बोलायला, पुस्तकातल्यासारखं. तो घामेजला. शब्द नीट आले, पण नावाडी मेला. ते त्यालाही ऐकू आलं. संध्याकाळी त्यानंच हेडफोन काढून ठेवला.

मग फॉस आला. नाटकाच्या थिएटरातला माणूस, मखमली आवाज, खिशात घशाच्या गोळ्या. टक्कल पडलेला, बुटका. पडद्यावरचे आर्नोचे ओठ बघत बघत बोलायचा. मधेच थांबून विचारायचा, "इथं तुम्ही श्वास कुठं घेतला होतात?" आर्नो सांगायचा. फॉस मान डोलवायचा, गोळी पुढं करायचा. आर्नोनं एकदाही गोळी घेतली नाही. मनातल्या मनात तो त्या टकलाला रोज नदीत बुडवत होता.

*

झायडलच्या खानावळीचा हॉल दुपारी तीनलाच गच्च भरला. भिंतीवर चादर ताणलेली, मागं टेबलावर मशीन. महिन्यातून एकदा मोटारीत मशीन आणि पिच्चरचे डबे घालून पिच्चरवाला गावोगाव फिरायचा. उलिश त्याचं नाव. मान नसलेला, कायम सर्दी झालेला माणूस. इतर वेळी निम्म्या खुर्च्या रिकाम्या असायच्या. आज बियरच्या पिंपांवर पोरं बसली होती.

"आला गं बाई हिरो!" झायडल ओरडला. पोट सांभाळत पुढं आला आणि आर्नोच्या पाठीत थाप मारली. "लेका, येवढी वरसं पिच्चरमधी मरत आलास. आज तरी जगणार हायेस का न्हाय?"

"शेवटपर्यंत बघ की."

"आन मिनामावशी, तुमची खुर्ची. गादी टाकलीया."

आई सगळ्यांना हात लावत लावत पुढं गेली. काळा झगा, गळ्याशी स्वतः विणलेली लेस. आर्नो एका बाजूला बसला, ट्राउडे दुसऱ्या. बसताना ट्राउडेनं आईच्या डोक्यावरून त्याच्याकडं असं पाहिलं की दूध नासावं.

"आई," आर्नो म्हणाला, "मला तुला एक..."

"शूऽऽ," आई म्हणाली. "सुरू हुतंय."

दिवे गेले. मशीन खडखडलं. चादरीवर नदी आली, धुकं आलं, आणि धुक्यातून आर्नोचा चेहरा आला, दरवाजाएवढा मोठा. हॉलमधून एक 'आऽऽ' उठला. आईनं तो ऐकला. तिनं ट्राउडेचा हात घट्ट धरला.

"आला व्हय?"

"आला," ट्राउडे कशीबशी म्हणाली.

चादरीवरच्या आर्नोनं तोंड उघडलं. "आज पाणी चढलेलं आहे," मखमली आवाज म्हणाला. "जपून पाऊल टाका."

हॉलमधल्या माना वळल्या. एकेक करून सगळ्या. पहिल्या रांगेतल्या खऱ्या आर्नोकडं, मग चादरीकडं, मग पुन्हा त्याच्याकडं. आर्नो समोर बघत बसला. कान जळत होते.

आई मान थोडी तिरकी करून ऐकत होती. माणसं होडीत चढली. मखमली आवाज बोलला, पुन्हा बोलला. ती वाट बघत होती. बसस्टॉपवर बघावी तशी, घाई न करता, मांडीवर हात ठेवून. बऱ्याच वेळानं ती त्याच्याकडं वाकली आणि हळूच विचारलं:

"आर्नो, तू कवा येणार?"

घरीच त्यानं जे सांगायला हवं होतं ते आता सांगण्यात काही अर्थ नव्हता. "आलोय मी, आई. तो नावाडी... तो मीच हाय."

"ह्यो?" ती थांबली. "ह्यो तू न्हवंस."

"चेहरा माझा हाय. आवाज त्यांनी बदलला."

ती चिडली नाही, रडली नाही. फक्त जरा मागं टेकली आणि मघापासून उचलून धरलेली तिची हनुवटी खाली आली. दुकान बंद करताना फळी लावावी तसं तिचं तोंड मिटलं. आर्नोनं आजवर पडद्यावर कितीतरी मरणारी माणसं केली होती. असं काही त्याला कधी करता आलं नव्हतं.

चादरीवर एक ऑफिसर होडीत चढला. चकचकीत बूट, हातात छडी. "घाई कर!" तो ओरडला.

आर्नो आईच्या कानाशी वाकला. पडद्यावरच्या नावाड्याचे ओठ हलले, तसे इथल्या आर्नोचेही हलले.

"घाई आसंल तर पोहत जावा की सायेब."

आईची मान हलली नाही. पण श्वास थांबला, हे त्याला जाणवलं.

"मला पोहता येत नाही!" ऑफिसर ओरडला.

"मग बसा गप. नदीला सलाम ठोकता येत न्हाय, ती बुडवती तवा हुद्दा इचारत न्हाय."

आईच्या गळ्यातून एक बारीक 'हिक्' आला. हसू होतं ते. तिनं हात पुढं केला, चाचपडत त्याच्या तोंडाशी आणला, मग खाली सरकवून गळ्यावर ठेवला. लेस तपासतात तशी तिची बोटं तिथं टेकली.

"बोल," ती म्हणाली.

तो बोलत गेला. वाक्य न् वाक्य त्याला पाठ होतं. श्वाससुद्धा पाठ होते. घोड्याला चुचकारलं, बाळाच्या आईला दटावलं, देवाला दोन शिव्या दिल्या. आधी कुजबुजत होता. "श्श!" मागून कुणीतरी म्हणालं. मग मागचं ते 'श्श' बंद झालं आणि खुर्च्या करकरल्या. दुसरी रांग पुढं वाकली होती.

नावाडी एका म्हातारीला म्हणतो, "आजे, कोंबडी मांडीवर घे, तिचं तिकीट न्हाय लागत." मखमली आवाजातही ते वाक्य होतं, पण त्यात कोंबडी नव्हती. इथं मात्र पहिल्या दोन रांगा फस्सकन हसल्या.

"काय म्हनला? काय म्हनला?" मागून बेकरीवाला.

"मोठ्यानं बोल की रं! आमी काय पाप केलंय?"

"आरं, ते मशीन बारीक करा कुणीतरी!"

"हात लावायचा नाही!" उलिश शिंकत ओरडला. "सरकारी मशीन आहे!"

झायडल उठला. हॉल त्याचा, वीज त्याची, बियर त्याची. तो मशीनपाशी जाऊन उभा राहिला, आणि उलिशच्या खांद्यावर हात ठेवून अगदी मऊपणे म्हणाला, "तुमास्नी बाहेर जाऊन एक सिगरेट वढावी वाटत न्हाय का?"

उलिशनं त्याच्याकडं पाहिलं. हॉलकडं पाहिलं. "मी काही बघितलेलं नाही," तो म्हणाला, आणि रुमालात नाक खुपसून बाहेर गेला.

त्यानंतर झायडलनं आवाजाचं बटण बियरच्या नळासारखं चालवलं. नावाड्याचे ओठ हलले की बंद, दुसरं कुणी बोललं की चालू. कधी चुकायचा, मग दोन्ही आवाज एकावर एक पडायचे आणि लोक त्याला शिव्या द्यायचे. पण हळूहळू त्याचा हात बसला. आर्नो उभा राहिला नाही, वळला नाही. आईशीच बोलत राहिला, फक्त मोठ्यानं. आईचा हात त्याच्या गळ्यावर तसाच होता.

शेवटाकडं नावाडी पुन्हा अलीकडच्या काठाला येतो. तिथं आता कुणीच उरलेलं नाही. नुसती एक पेटी पडलेली. तो हाका मारतो. फॉसनं त्या हाका फार सुंदर मारल्या होत्या, स्टुडिओत दोन बायका रडल्या होत्या. आर्नोनं मारल्या त्या तशा नव्हत्या. संध्याकाळी डोंगरावरून कुणी उशिरा परतणाऱ्या माणसाला आवाज द्यावा, जेवण थंड होतंय म्हणून, तशा होत्या. "हायेस का कुणी? आरं, हायेस का रं कुणी?"

हॉलमध्ये कुणी हसलं नाही.

"हाय," आई हळूच म्हणाली.

*

दिवे लागले तेव्हा टाळ्या वगैरे काही झाल्या नाहीत. लोक खुर्च्या ओढत उठले, नाकं शिंकरली, डोंगरातली माणसं ती. बेकरीवाला आर्नोजवळ आला, त्याच्या कोटाचं बटण उगाच सरळ केलं आणि गेला. झायडलनं एक मोठा ग्लास समोर आणून ठेवला. आर्नोच्या घशाची पार वाट लागली होती. ट्राउडेनं तो ग्लास उचलून आधी स्वतः अर्धा संपवला, आणि उरलेला त्याच्या हातात दिला. तिचं माफ करणं असंच असायचं.

"उद्या कुठं?" झायडलनं डबे आवरणाऱ्या उलिशला विचारलं.

"पलीकडच्या गावात. मग खाली शहरात." उलिश आर्नोकडं न बघता म्हणाला, "तिकडं आहे तसाच दाखवणार. बटणाला कुणी हात लावणार नाही."

"व्हय," आर्नो म्हणाला. "तसाच दाखवायचा."

शहरातही लोक रडतील, हे त्याला ठाऊक होतं. त्याच्या चेहऱ्यासाठी आणि फॉसच्या आवाजासाठी. पुढंमागं कुणीतरी त्याला पुन्हा शिपाई करील, कंडक्टर करील. बोलायचं काम येणार नाही. एवढं एक तर आलं होतं.

तिघं घराकडं निघाली. उतरतीचा रस्ता, दोन्ही बाजूंना उंच झाडं, अजून थोडा उजेड. आई मधे, दोघांच्या हातांत हात घालून. मग आई म्हणाली:

"त्यो दुसरा. त्याचा आवाज लई गोड हुता."

ट्राउडेनं नाकातून आवाज काढला.

"खरं बोलती मी. शिकलेला आवाज. कोन हाय त्यो?"

"फॉस म्हणून हाय," आर्नो म्हणाला. आवाज फाटला होता. "थेटरात असतो."

"त्याचं नाव लिवत्यात का वर? सुरवातीला?"

"न्हाय. आवाजवाल्याचं नाव नसतं."

"बिचारा," आई म्हणाली.

"बिचारा कसा?" ट्राउडे उसळली. "ह्याची भाकरी खाल्ली त्यानं!"

"येवढं बोलला. जीव लावून बोलला, ऐकू येत हुतं मला. आन कुणी बघत न्हाय त्याला. त्याची आईबी बसली असंल कुठंतरी, पडद्याकडं डोळं लावून. म्हनत असंल, माझा कवा येनार."

आर्नो चालता चालता थांबला. त्याला आवाज-खोलीचा तो काळोखा काचेचा खोका आठवला, दिव्याखालचं टक्कल, आणि पुढं केलेला तळहात, ज्यावरची गोळी त्यानं कधी घेतली नव्हती.

मागून मोटार आली. उलिशची. पिच्चरचे डबे आत खडखडत होते, त्यांतच फॉसचा आवाजही होता. तिघं रस्त्याच्या कडेला सरकली. उलिशनं भोंगा वाजवला आणि मोटार त्यांच्या बाजूनं वारा उडवत पुढं गेली.

आईनं हात उंच केला आणि हलवला. दिशा जरा चुकली होती, झाडांकडं. मोटार वळणावर दिसेनाशी झाली तरी तिचं इंजिन खाली दरीत ऐकू येत होतं, आणि ते येत होतं तोवर ती हात हलवत राहिली. थोड्या वेळानं आर्नोनंही हात वर केला.